बारा अंकी पत्ता यानाला कुठेच नेत नाही

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: कादंबरीतली यानं आकाशगंगेत कुठेही आणि काळात मागेपुढे कधीही जातात. त्यासाठी तुम्ही ‘त्रिकालजाल’ नावाची प्रणाली रचली आहे. प्रत्येक जागेला आणि क्षणाला मिळून एक बारा अंकी पत्ता. सुकाणी पत्ता दाबतो, यान तिथे उतरतं. खर्डा वाचणाऱ्यांचं म्हणणं पडलं की हे पटत नाही आणि प्रवासात मजाही येत नाही. तेव्हा काय बदलू, अंक वाढवू का?

अंक वाढवायचेच असतील तर वाढवा, कारण बारा खरंच कमी आहेत. बारा अंकांत एक लाख कोटी पत्ते बसतात. एकट्या आकाशगंगेत तारेच निदान दहा हजार कोटी. म्हणजे प्रत्येक ताऱ्याच्या वाट्याला त्याच्या अख्ख्या आयुष्यातले दहा क्षण. पण तीस अंक केले तरी वाचकाची तक्रार तशीच राहील. मी बावीस वर्षं जहाजांवर नॅव्हिगेशन केलं, आणि आता लेखकांना नि गेम करणाऱ्यांना असले काल्पनिक नकाशे तपासून देतो. दहातल्या नऊ प्रणालींत एकच खोट सापडते: लेखकानं पत्ता दिलेला असतो, पण ‘मी आत्ता कुठे आहे’ हे यानातल्या माणसाला कसं कळतं याचा पत्ताच नसतो. नॅव्हिगेशन म्हणजे जायचं ठिकाण माहीत असणं नव्हे, ते तर प्रवाशालाही माहीत असतं. आपण कुठे आहोत आणि त्यात किती चुकत असू, हे सांगता येणं म्हणजे नॅव्हिगेशन.

आधी पत्त्याचंच बघू. मेख, म्हणजे जिथून सगळं मोजायचं तो बिंदू, कुठे ठोकली आहे? तुमच्या तिसऱ्या प्रकरणात नायिका शंभर वर्षं मागे जाते, ‘त्याच जागी’. तीच जागा, पण कुणाच्या हिशोबानं? विषुववृत्तावर स्वस्थ बसलेला माणूससुद्धा पृथ्वीच्या गिरकीमुळे सेकंदाला ४६५ मीटर सरकतो. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर धावते. सूर्य आकाशगंगेच्या केंद्राभोवती सेकंदाला सव्वादोनशे किलोमीटरच्या आसपास. आणि विश्वभर भरून राहिलेल्या सूक्ष्मलहरींच्या पार्श्वप्रारणाशी ताडून पाहिलं तर आपली सूर्यमाला सेकंदाला ३७० किलोमीटर वेगानं सिंह राशीच्या दिशेला निघाली आहे. हा शेवटचा आकडा धरला तर शंभर वर्षांपूर्वीची ‘तीच जागा’ आजच्या पृथ्वीपासून सुमारे १ लाख १७ हजार कोटी किलोमीटर मागे आहे. प्रकाशालाही तिथे पोचायला ४५ दिवस लागतात. तुमची नायिका आजोळच्या अंगणात नव्हे, काळ्याकुट्ट पोकळीत उतरेल.

यावर बहुतेक लेखक म्हणतात, ठीक आहे, संगणक ते वजा करेल. करेल की, पण यातलं नेमकं काय वजा करायचं ते आधी कुणीतरी ठरवायला हवं. वरच्या चार वेगांपैकी एकही ‘खरा’ नाही. प्रत्येक वेग कशाच्या तरी तुलनेत आहे, आणि ते ‘कशाच्या तरी’ हाच तुमच्या नकाशाचा पाया. जमिनीवरच्या माणसाला ही गोष्ट पुस्तकी वाटते. मला ती एका बंदरात शिरताना कळली. धुकं, रात्रीचा शेवटचा प्रहर, ब्रिजवर, म्हणजे जहाज हाकायच्या खोलीत, मी नि कॅप्टन. जीपीएसनं दिलेले अक्षांश-रेखांश मी पेन्सिलीनं चार्टवर उतरवले, तर जहाज धक्क्याच्या पलीकडे, गोदामाच्या छपरावर! बाहेर पाहिलं तर पाणी, आणि रडार सांगत होतं की धक्का अजून पुढे आहे. जीपीएसचं काही चुकलं नव्हतं, चार्टचंही नव्हतं. चार्ट जुन्या सर्वेक्षणावरून काढलेला. त्यानं पृथ्वीचा आकार नि मध्य वेगळा धरला होता. दोघांचे आकडे बरोबर, फक्त मेखा वेगळ्या. चार्टच्या कोपऱ्यात बारीक अक्षरात तसं छापलंही होतं. मी वाचलं नव्हतं.

ग्रिनिचच्या वेधशाळेत जमिनीतली धातूची पट्टी म्हणजे शून्य रेखांश, असं शाळेत शिकलो. फोन घेऊन पट्टीवर उभं राहा, शून्य दिसत नाही. ते सुमारे १०२ मीटर पूर्वेला सापडतं. ऑस्ट्रेलियाचा भूखंड वर्षाला सुमारे ७ सेंटिमीटर सरकतो, म्हणून १९९४ची चौकट (म्हणजे पत्ते ज्या मेखांवरून मोजायचे ती व्यवस्था) आणि २०२०ची चौकट यांत तिथल्या प्रत्येक दगडाचा पत्ता १.८ मीटरनं बदलला. दगड तिथेच, पत्ता शिळा. आकाशाची चौकट सांभाळणाऱ्या खगोलशास्त्रज्ञांनी तर हलणाऱ्या ताऱ्यांचा नादच सोडला. १ जानेवारी २०१९पासून लागू असलेली चौकट त्यांनी अतिदूरच्या ३०३ क्वेसारांवर, म्हणजे दीर्घिकांच्या झगझगीत गाभ्यांवर, टांगली आहे, कारण ते इतके लांब आहेत की हललेले दिसत नाहीत. तरीही सूर्यमाला वळणावरून चालली असल्यामुळे त्या चौकटीलाही २०१५ची तारीख चिकटवावी लागली. तेव्हा पहिला बदल: तुमच्या पत्त्याच्या शेपटीला चौकटीचं नाव आणि तिचं साल लावा. दोन साम्राज्यांच्या चौकटी वेगळ्या ठेवा. निम्म्या प्रकरणांना कथानक आपोआप मिळेल.

काळाची मेख ठोकणं आणखी वैतागाचं. ‘इतके दिवस मागे’ म्हणताना दिवस तरी एकसारखे आहेत का? इसवी सनपूर्व १३६ मध्ये बॅबिलॉनला खग्रास सूर्यग्रहण दिसलं, त्याची मातीच्या पाटीवर नोंद आहे. पृथ्वी तेव्हापासून आजच्याच गतीनं फिरत आली असं धरून गणित केलं, तर ते ग्रहण बॅबिलॉनपासून जवळजवळ ४९ अंश पश्चिमेला दिसायला हवं होतं. पृथ्वीची गिरकी शतकाशतकानं मंदावत गेली आणि घड्याळात सव्वातीन तासांचा फरक साठला, एवढाच त्याचा अर्थ. आणखी मागे गेलात तर वर्षातले दिवसच वाढतात: जॉन वेल्स यांनी १९६३ मध्ये डेव्होनियन काळातल्या, म्हणजे सुमारे चाळीस कोटी वर्षांपूर्वीच्या, प्रवाळांवरच्या वाढीच्या रेघा मोजल्या, तेव्हा वर्षाला सुमारे ४०० भरल्या. दिवस छोटा, म्हणून वर्षात जास्त मावले. पंचांगांचा घोळ वेगळाच. १५८२ मध्ये काही देशांत ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडला, ब्रिटनमध्ये हा प्रकार १७५२ मध्ये झाला. तारीख दाबून काळात उडी मारणारा सुकाणी अशा खड्ड्यात पडणारच.

यावर उपाय जुना आहे: तारखा सोडा, एका क्षणापासून सलग दिवस मोजत चला. आपल्याकडे त्याला अहर्गण म्हणतात. पंचांगकर्ते कलियुगाच्या आरंभापासून, म्हणजे इसवी सनपूर्व ३१०२पासून, दिवस मोजायचे. आकडा अर्थातच अवजड होई. गणेश दैवज्ञांनी १५२०च्या सुमारास ‘ग्रहलाघव’ रचताना ११ वर्षांचं, ४०१६ दिवसांचं चक्र घेतलं. कितवं चक्र ते एकदा लिहायचं आणि आतले दिवस मोजायचे; अहर्गण ४०१६च्या वर जातच नाही. हाताने गणित करणाऱ्या माणसाचे हाल ओळखणारी ही युक्ती आहे. तुमच्या बारा अंकांऐवजी ‘चक्र नि दिवस’ अशी जोडी घेतलीत तर यानातल्या माणसाच्या तोंडी ती सहज बसेल. बारा आकडे कोणी बोलून दाखवत नाही. ‘चौदावं चक्र, दोनशे तीन’ असं ओरडून सांगता येतं.

दिवस मोजायची सोय झाली, पण कोणाचे दिवस? मॅगेलनच्या ताफ्यातलं उरलेलं एकमेव जहाज जुलै १५२२ मध्ये केप व्हर्दला लागलं तेव्हा त्यांच्या नोंदीप्रमाणे बुधवार होता, आणि किनाऱ्यावरचे लोक म्हणत होते गुरुवार. जहाजावरचा रोजनिशीकार पिगाफेत्ता रोज न चुकता नोंद करत होता. त्याची नोंद चुकली नव्हतीच. सूर्यामागे पश्चिमेकडे जात पृथ्वीला वळसा घातला की एक दिवस कमी उगवतो, एवढंच. वेगवान यानात हा फरक दिवसाचा राहत नाही. प्रकाशाच्या ९० टक्के वेगानं नकाशाच्या हिशोबानं दहा वर्षं प्रवास केला तर यानातल्यांची चार वर्षं नि चार महिने होतात. म्हणून तुमच्या यानाच्या नोंदवहीत दोन रकाने पाहिजेतच: डावीकडे यानाचं वय, उजवीकडे नकाशाचा दिवस. डावा रकाना नेहमी बिनचूक असतो, कारण तो फक्त मोजायचा असतो. उजवा नेहमी अदमास. दोन्हींतला फरक वाढत जाताना दाखवा. घरची मुलं कुठल्या रकान्यात वाढताहेत हे वाचकाला सांगावं लागणार नाही.

जाता जाता एक सक्त सूचना. संवादांतून ‘तिकडे आत्ता काय चाललं असेल’ हे वाक्य काढून टाका, किंवा अडाणी पात्राच्या तोंडी घाला. देवयानी दीर्घिका २५ लाख प्रकाशवर्षांवर आहे. तुम्ही खुर्चीतून उठून तिच्या दिशेनं चालू लागलात की तुमच्या हिशोबातला तिथला ‘आत्ता’ तीनचार दिवसांनी सरकतो. नुसतं चालल्यानं! इतक्या अंतरावर ‘आत्ता’ हा शब्द पत्त्यात चालत नाही.

आता मुख्य गोष्ट. तुमच्या खिशातला फोन याच क्षणी जागा आणि काळ दोन्ही शोधतो आहे, आणि तुमच्या त्रिकालजालाला लागणारं सगळं त्यात आहे. जीपीएसला जागेसाठी तीन आकडे हवेत, मग तीन उपग्रह पुरायला हवेत. पण लागतात चार. कारण फोनचं घड्याळ भिकार असतं, त्यामुळे ‘आत्ता किती वाजले’ ही चौथी अज्ञात गोष्ट. प्रत्येक उपग्रह एवढंच सांगतो: ‘मी अमुक जागी, हा संदेश अमुक वेळी सोडला.’ चार समीकरणं, चार अज्ञातं. उपग्रहांवरची घड्याळं मात्र अणुघड्याळं असतात, आणि सापेक्षतेमुळे तीही जमिनीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे धावतात. ती दुरुस्ती केली नाही तर एका दिवसात दहा किलोमीटरच्या वर घोटाळा होईल. म्हणजे काळ चुकला की जागा चुकते. दोन वेगळे नकाशे नाहीतच, एकच आहे.

हेच आकाशगंगेच्या आकारावर नेऊन बघा. मी तुमच्यासाठी एक प्रणाली सुचवतो, तिला तूर्त ‘गाठ-दोर’ म्हणू. नाव जहाजावरचं आहे: पूर्वी फळी बांधलेला दोर पाण्यात सोडत, त्याला दर साडेचौदा मीटरला एक गाठ, आणि २८ सेकंदांच्या वाळूच्या घड्याळात जितक्या गाठी हातातून सरकल्या तितका वेग. म्हणून जहाजाचा वेग आजही नॉटमध्ये, म्हणजे गाठींत, मोजतात. आपल्या गाठी म्हणजे अतिनवतारे, सुपरनोव्हा. १००६, १०५४, १५७२ आणि १६०४ या सालांत आपल्याकडून दिसलेले चार स्फोट घ्या, चारही आकाशगंगेतले. प्रत्येक स्फोटाचा प्रकाश फुग्यासारखा सगळीकडे पसरत चालला आहे, आणि मागे उरलेला मेघही फुगतो आहे. यान अनोळखी ठिकाणी बाहेर पडतं. सुकाणी १०५४चा क्रॅब तेजोमेघ शोधतो. तो केवढा फुगलेला दिसतो यावरून ‘इथून पाहता स्फोटाला किती वर्षं झाली’ ते निघतं. हाच त्या उपग्रहाचा ‘संदेश अमुक वेळी सोडला’. तेजोमेघ ९७० वर्षांचा दिसला तर तुम्ही आजच्या पृथ्वीपाशी असाल. किंवा क्रॅबपासून आणखी शंभर प्रकाशवर्षं लांब, पण शंभर वर्षं पुढच्या काळात. एका गाठीवरून दोन्हींतलं काय ते कळत नाही. चार गाठी वाचल्या की एकच जागा नि एकच क्षण उरतो. आणि मेघाच्या जागी अजून अख्खा तारा शांत चमकत असेल, तर तो प्रकाशाचा फुगा तुमच्यापर्यंत पोचायचाच आहे. हेही उत्तरच, थोडं ढोबळ. ‘गाठ अजून बांधायची आहे’ असं तुमचे सुकाणी म्हणू शकतील.

यातली गंमत चुकांत आहे. मेघाच्या फुगवट्यावरून वय काढताना पाच वर्षांची चूक झाली, तर जागेत पाच प्रकाशवर्षांची चूक आलीच. सूर्यापासून सगळ्यात जवळचा तारादेखील सव्वाचार प्रकाशवर्षांवर आहे. आणि गाठीची स्वतःची जागा? १६०४च्या ताऱ्याच्या अंतराचे अंदाज आपसांत हजारो प्रकाशवर्षांनी वेगळे पडतात. म्हणजे मेखच डुगडुगते. कादंबरीतलं एखादं घराणं पिढ्यानपिढ्या गाठींची अंतरं मोजून ती गुप्त ठेवत असेल, तर त्याच्या हातात सत्ता का आहे हे वेगळं समजावावं लागणार नाही.

बारीक वाचनासाठी पल्सार घ्या, म्हणजे स्फोटानंतर उरलेला, गरगर फिरत ठरावीक लयीत स्पंद पाठवणारा ताऱ्याचा गाभा. क्रॅबच्या पोटात एक आहे, सेकंदाला तीस वेळा फिरणारा. त्याची गिरकी दिवसाला सुमारे ३६ नॅनोसेकंदांनी लांबते. गिरकी एका नॅनोसेकंदापर्यंत मोजली की तुमच्यापर्यंत पोचलेला प्रकाश कधी निघाला ते तासाच्या आत सांगता येतं. वाटतं, झालं काम! पण तुमच्या यानाचा वेग सेकंदाला दहा मीटरनं चुकीचा धरला तरी एवढाच, एका नॅनोसेकंदाचा, फरक पडतो. म्हणजे आधी वेग ठाऊक हवा, आणि वेग काढायला जागा. शिवाय हा पल्सार मधूनच झटका देऊन एकदम जलद होतो. त्याच्या झटक्यांचे तक्ते आहेत, पण तो सापडला १९६८ मध्ये. त्याआधीचे झटके कुणाच्याच वहीत नाहीत. काळात मागे जाणाऱ्या यानासाठी हा केवढा सुंदर सापळा आहे! पुढच्या काळात तक्ते भरत जातात, मागच्या काळात सुकाणी आंधळा. तुमच्या नायिकेला १९६८च्या अलीकडे अचूक उतरता येतं आणि पलीकडे येत नाही, याला इतकं नैसर्गिक कारण दुसरं मिळणार नाही.

पल्सारांवरून वाट काढणं ही कल्पना हवेतली नाही. १९७२ मध्ये पायोनियर यानावर लावलेल्या पाटीवर १४ पल्सार कोरले आहेत, त्यांच्या गिरक्या हायड्रोजन अणूच्या ठरावीक स्पंदनकाळाच्या मापात लिहून. सापडणाऱ्यानं गिरक्या पुन्हा मोजल्या तर यान कुठून निघालं तेही कळेल आणि, गिरक्या किती लांबल्या त्यावरून, कधी निघालं तेही. जागा आणि काळ एकाच रेघेत. २०१७ मध्ये नासानं अंतराळ स्थानकावरच्या दुर्बिणीनं वेगवान पल्सार ऐकून आठ तासांत जागा १६ किलोमीटरच्या आत आणली होती. एक अडचण मात्र लक्षात ठेवा: पल्सारचा झोत दीपगृहासारखा फिरतो, आणि झोत आपल्यावर पडतो म्हणून तो आपल्याला दिसतो. आकाशगंगेच्या दुसऱ्या टोकाला आपले बरेचसे पल्सार दिसणारच नाहीत, तिथे वेगळेच दिसतील. म्हणजे चार्ट प्रदेशापुरता. ‘या चार्टच्या बाहेर चाललो’ असं म्हणून सुकाणी चार्ट गुंडाळतो आणि दुसरा काढतो. हा प्रसंग तुमच्या कळफलकावर घडत नाही.

अगदी ढोबळ अंदाजाला थर्मामीटरही चालतो. विश्व पसरतं तसं पार्श्वप्रारण थंड होत जातं; त्याचं तापमान आज २.७ केल्विन आहे. ते साडेपाच भरलं तर विश्वाचं वय ६०० कोटी वर्षांच्या आसपास, आणि तुम्ही सूर्य जन्मायच्या कितीतरी आधी आलात. पृथ्वीवर उतरलात आणि सगळी उपकरणं गेली, तरी रात्री उत्तरेकडचं कुठलं चांदणं जागचं हलत नाही ते पाहा. पृथ्वीचा अक्ष सुमारे २६,००० वर्षांत एक फेरा घेतो. आजचा ध्रुवतारा तिथे नसेल आणि अभिजित ध्रुवाच्या जवळ असेल तर तुम्ही बारा ते चौदा हजार वर्षं भरकटलात. मागे की पुढे, ते ताऱ्यांच्या आपापल्या सरकण्यावरून काढायचं.

आता चुकीविषयी, कारण वाचकाला मजा येत नाही ती याच्या अभावी. चार्टवर काम करताना तीन खुणांवरून तीन रेघा काढतो: एक दीपगृह, एक टेकडी, एक मनोरा. त्या तीन रेघा एका बिंदूत भेटायला हव्यात. बावीस वर्षांत त्या बिंदूत भेटल्याचं क्वचितच आठवतं. एक बारकासा त्रिकोण होतो. त्रिकोण छोटा असेल तर मधोमध ठिपका देऊन पुढे जायचं. मोठा असेल तर कुठलीतरी खूण चुकीची ओळखली आहे; आणि कोपरा धोक्याच्या बाजूला असेल तर आपण त्या कोपऱ्यातच आहोत असं समजून जहाज वळवायचं. दोन वेधांच्या मध्ये नुसता अदमास असतो: इतका वेग, इतकी दिशा, इतका वेळ. तासातासाला त्या अदमासाभोवतीचं वर्तुळ वाढत जातं. मी तरुण असताना कॅप्टन मला ‘आपण कुठे आहोत’ असं कधी विचारत नसे. विचारायचा, ‘वर्तुळ केवढं झालं?’

तुमच्या सुकाण्याला हे वर्तुळ द्या. फक्त चार्टवर ते वर्तुळ असतं, इथे ते जागा नि काळ दोन्हींत पसरलेला फुगा असेल. उडीआधी फुगा दहा दिवसांचा, उडीनंतर चाळीस वर्षांचा. मग चार गाठी वाचायच्या, फुगा आवळायचा. आणि फुग्याचा एक कोपरा लढाईच्या दिवसात शिरत असेल तर? तुमच्याकडे तिसऱ्या प्रकरणात ज्या लढाईचं वर्णन आहे तीच घ्या. सुकाण्यानं ‘आपण लढाईतच आहोत’ असं धरूनच उतरलं पाहिजे.

सगळ्या संस्कृती सारख्याच पद्धतीनं विचार करतात असं मात्र लिहू नका. पॅसिफिकमधल्या कॅरोलाइन बेटांवरच्या नावाड्यांची ‘एटाक’ नावाची पद्धत आहे. त्यात होडी स्थिर, बेटं सरकतात. वाटेच्या बाजूचं एखादं बेट मनात धरायचं, बहुतेकदा ते दिसतही नाही, आणि ते कोणकोणत्या ताऱ्यांच्या उगवतीखालून मागे सरकत गेलं यावरून प्रवास मोजायचा. याच परंपरेतले मौ पियाइलुग यांनी १९७६ मध्ये होकुलेआ ही होडी कुठलंही उपकरण न वापरता हवाईहून ताहितीला नेली. तेव्हा ही पद्धत कविकल्पना नव्हे, चालणारी आहे. तुमच्या भटक्या जमातीला हीच द्या: यान जागचं हलत नाही, शतकंच खिडकीबाहेरून मागे जातात, आणि बाजूला धरलेलं एक ‘साल-बेट’ सतत नजरेत ठेवायचं. साम्राज्याचा गणिती सुकाणी आणि ही जमात एकाच ठिकाणी पोचतील, पण एकमेकांना वाट समजावू शकणार नाहीत.

मागे जाण्याबद्दल माझं मत: मर्यादा घाला. १९८८ मध्ये मॉरिस, थॉर्न आणि युर्त्सेव्हर यांनी कृमिविवरातून, म्हणजे अवकाशातल्या दोन लांबच्या जागा जोडणाऱ्या बोगद्यातून, कालप्रवास कसा शक्य होईल ते मांडलं, त्यात एक अट आपोआप येते: विवराचं कालयंत्र बनण्याआधीच्या काळात त्यातून जाता येत नाही. सैद्धांतिक गणित आहे, कुणी विवर बांधलेलं नाही, पण कथेसाठी ही अट सोन्यासारखी. काळाच्या नकाशाला किनारा मिळतो. त्यापलीकडे जमीन आहे, दिसतेही, पण बोट लागत नाही.

आणि शेवटचं, दुरुस्त्या. जहाजावर दर आठवड्याला चार्टच्या दुरुस्त्यांचं पत्रक येतं: इथे दिवा बंद, तिथे नवं बुडालेलं जहाज. मी कित्येक रात्री दिव्याखाली जांभळट शाईच्या पेननं त्या एकेक करून चार्टवर उतरवल्या आहेत, आणि डाव्या कोपऱ्यात दुरुस्तीचा क्रमांक लिहिला आहे. क्रमांक सुटला की त्या चार्टवर विश्वास नाही. काळात फिरणाऱ्या ताफ्यात हे पत्रक कुठल्या दिवशी येतं? उद्याची दुरुस्ती काल येऊ शकते का? आणि कुणी भूतकाळातली एखादी नोंद बदलली, तर चार्ट कोण सुधारणार, ज्याला बदल आठवतो तो की ज्याला आठवत नाही तो? याचं उत्तर तुम्ही ठरवा. माझा कल असा की दुरुस्ती यानाच्या वयाप्रमाणे क्रमांकित करावी, नकाशाच्या दिवसाप्रमाणे नको. नाहीतर क्रमांकच उलटे धावू लागतील.

तिसऱ्या प्रकरणातलं ‘तिनं बारा आकडे दाबले आणि डोळे उघडले तेव्हा ती शंभर वर्षं मागे होती’ हे वाक्य काढा. त्या जागी नोंदवहीचं एक पान टाका, साधारण असं:

‘यानाचं वय ४,११२ दिवस. नकाशाचा दिवस, अदमासे, चक्र १४, २०३. फुगा सात वर्षं. चौकट जुनी, साल २२४०. क्रॅब वाचला, वय पटलं. १५७२ वाचला, पटलं. १६०४ ढगाआड. १००६ दिसतच नाही, तिथे अजून अख्खा तारा आहे. पुन्हा पाहिलं. अजून आहे.’

१००६चा मेघ दिसायला हवा होता हे सुकाण्याला ठाऊक आहे. तो तारा अजून अख्खा कसा, हे चौथ्या प्रकरणात उलगडा.